डोमाजीचं पोतं

गुलगुल नावाची ती खार मला पहिल्या दिवसापासून डोक्यात जायची. दर रविवारी सकाळी टीव्हीवर यायची आणि जिंकायची. कशाच्या जोरावर, हे आजवर मला कुणी सांगितलेलं नाही. झाडावर बसून अक्रोड खायचे, शेपूट हलवायची आणि शेवटी पोरांनी तिच्या नावाने टाळ्या पिटायच्या. भागभर राबायचा तो डोमाजी कावळा. खड्डे खणायचा, दोर वळायचा, रात्रभर जागून चाकांची गाडी बनवायचा, खांद्यावर पोतं टाकून अक्रोड चोरायला निघायचा. आणि शेवटी काय, तर दर वेळी स्वतःच्याच पोत्यात उलटा अडकून बोंब मारायचा, "आई गं, माझी चोच!" तेवढ्यावर पडदा. ज्याने मेहनत केली तो पोत्यात आणि जिने काही केलं नाही ती झाडावर. लहान मुलांना हे शिकवतात, आणि मोठेपणी मग ती मुलं तशीच माणसं निवडून देतात.

कार्टून परदेशी होतं, आवाज मराठी होते. डोमाजीचा आवाज मी. तेव्हा मी पुण्यात टेलिफोन खात्यात नोकरीला होतो आणि कामगारांच्या नाट्यस्पर्धेत खलनायक करायचो. स्टुडिओतल्या माणसाने माझी दोन वाक्यं ऐकली आणि म्हणाला, "आवाज बदलू नका. असाच पाहिजे." म्हणजे माझा जन्मजात आवाजच मुळी कावळ्याचा, असं त्याचं म्हणणं. काम मात्र सोपं होतं. माणसाच्या ओठांशी शब्द जुळवायला जीव जातो. कावळ्याला ओठच नाहीत. चोच उघडली की बोलायचं, मिटली की गप्प. ते कार्टून बंद पडलं, मी निवृत्त झालो, बायकोला घेऊन इंदापूरला आलो. डोमाजी मेला असं समजून मी स्वस्थ होतो.

तो मेला नव्हता. माझ्या सुनेच्या मोबाइलमध्ये जिवंत होता.

माझा मुलगा इंद्रजित बारामतीत बँकेत आहे. सून रेश्मा काटेवाडीची. त्यांची मुलगी राजेश्वरी. ही पोरगी जेवत नाही. जेवत नाही म्हणजे भूक लागल्याशिवाय जेवत नाही, पण हल्लीच्या आईबापांना एवढा धीर कुठला? कुणीतरी जुने भाग इंटरनेटवर टाकले होते. रेश्माने त्यातला एक शोधला आणि नेमका एवढाच तुकडा कापून ठेवला: काळाकुट्ट डोमाजी पडदाभर येतो, पोत्याचं तोंड उघडतो आणि माझ्या आवाजात म्हणतो, "पोतं उघडलंय! कोण येतंय पोत्यात? तू? का तू?" संपलं. पुढचं पडणं नाही, अडकणं नाही, बोंब नाही. सकाळी दूधपोळीला डोमाजी, रात्री वरणभाताला डोमाजी. एमएससी झालेली मुलगी, आणि पोराला घास भरवायला तिला कावळा लागतो.

मला यातलं काहीच माहीत नव्हतं. राजेश्वरी बोलायला लागल्यावर पहिल्यांदा राहायला इंदापूरला आली, तेव्हा मी दारात उभा राहून दोन्ही हात पसरले आणि म्हणालो, "आली का माझी राणी!"

पोरगी किंचाळली. अशी किंचाळली की समोरच्या दुकानदाराने शटर अर्धं ओढलं. पलंगाखाली शिरली, तिथे तिची चड्डी ओली झाली, आणि माझी बायको मंदाकिनी बाहेर काढायला गेली तर तिला चावली. तेव्हा रेश्माने मान खाली घालून मोबाइल दाखवला.

"अगं, मग सगळा भाग दाखव तिला," मी स्वयंपाकघरात जाऊन, दार लावून म्हणालो. "शेवटी तो पोत्यात पडतो ते दिसू दे. हसेल ती."

"मग भिणार कशी आबा?" रेश्मा म्हणाली. "आणि भ्यायली नाही तर जेवणार कशी?"

या तर्कापुढे मी हात टेकले. तिने मोठ्या मनाने मला मार्गही सुचवला. पोरगी मोठी होईपर्यंत मी तिच्यासमोर बोलू नये. इंद्रजितने मान डोलावली. तो बायकोच्या प्रत्येक सूचनेला मान डोलावतो, बँकेतही बहुधा हेच करत असावा. मी बारीक आवाज काढून पाहिला, घोगरा काढून पाहिला. पोरीचा कान पक्का होता, प्रत्येक वेळी ओळखायची. शेवटी मी गप्प बसलो. ज्याने हजार माणसांसमोर रंगमंच हलवला तो मी नातीसमोर खुणा करायला लागलो. भूक लागली की पोटावर हात, चहा पाहिजे की अंगठा तोंडाशी. पोरगी मला 'मुके आबा' म्हणू लागली. ती माझ्याजवळ यायची, मांडीवर बसायची, माझ्या मिशा ओढायची. एवढं मिळत होतं म्हणून मी तोंड शिवून घेतलं. पण दर वेळी बारामतीहून परतताना एसटीत बसलो की घसा दुखायचा. न बोलून घसा दुखतो हे मला म्हातारपणी कळलं.

या व्यवस्थेने एक माणूस भलताच खूश होता. आमचे व्याही, रेश्माचे वडील, काटेवाडीचे आप्पा. त्यांचा ऊस आहे, जर्सी गाई आहेत, दूध सोसायटीवर ते कायम बिनविरोध असतात. बिनविरोध, कारण विरोध करणाऱ्याला ते आधीच चहाला बोलावतात. गोरेपान, हसतमुख, कधी कुणाला वाईट बोलले नाहीत आणि कधी कुणाचं काम केलं नाही. त्या खारीला धोतर नेसवलं तर आप्पा तयार होतील. शेपटाऐवजी उपरणं हलवतात, एवढाच फरक.

"पाव्हणं, तुमी बोलूच नका," ते मला प्रेमाने सांगायचे, पोरगी शेजारी असताना मुद्दाम. "पोर दचकती. तुमी नुसतं बसा. बोलायला आमी हायेच की." आणि मग तास तास बोलायचे. मला उत्तर देता येत नाही हे ओळखून त्यांनी उसाच्या जातींपासून जागतिक राजकारणापर्यंत सगळ्यावर मला व्याख्यानं दिली. त्यातलं एकही वाक्य बरोबर नसायचं. मी मान डोलवायचो. इंद्रजितची मान कुणावर गेली आहे ते मला तेव्हा कळलं.

राजेश्वरीचा वाढदिवस काटेवाडीला करायचा असं आप्पांनी परस्पर ठरवलं. आम्ही इंदापूरहून पोचलो तर गावाच्या कमानीलाच फ्लेक्स. त्यावर आप्पांचा फोटो पुरुषभर उंचीचा, पोरीचा त्याच्या निम्मा, आणि खाली शुभेच्छुकांची गर्दी. पाच वर्षांच्या मुलीला शुभेच्छा द्यायला दूध सोसायटीचे सगळे संचालक काळे चष्मे घालून उभे होते. मी स्वतःला शोधलं. कोपऱ्यात होतो. माझ्या चेहऱ्यावर फ्लेक्सचा खिळा ठोकला होता.

"बरं झालं," मंदाकिनी म्हणाली. "तो फोटो तसाही चांगला नव्हता."

अंगणात मांडव, स्पीकरच्या भिंती, प्लास्टिकची कमान. पोरीला कार्टून आवडतं म्हणून आप्पांनी बारामतीहून एक माणूस बोलावला होता, खारीच्या वेषातला. खारीचा वेष मिळाला नव्हता म्हणून अस्वलाचा आणून मागे शेपूट शिवलं होतं. ते अस्वल घामाने निथळत एका बाजूला बसून ताक पीत होतं. आप्पा माइकवर येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याचं नाव घेत होते. लोक नाव ऐकेपर्यंत दारात रेंगाळायचे आणि ऐकलं की घाईघाईने आत यायचे. माझं नाव घेताना ते म्हणाले, "इंदापूरचे आमचे व्याही, जे टीव्हीला व्हते." होते. मी नमस्कार केला आणि खुर्ची धरली.

केक कापला. मग आप्पांना फोटो हवा होता: आजोबा नातीला पहिला घास भरवताना. फोटोवाला गुडघ्यावर बसला. आप्पांनी गुलाबजाम उचलला. राजेश्वरीने तोंड घट्ट मिटलं.

"आ कर, आ कर की माझी बाय," आप्पा म्हणाले. माइक हातातच होता, त्यामुळे सगळ्या काटेवाडीला 'आ कर' ऐकू गेलं.

पोरगी मान फिरवून उभी राहिली. पाहुणे हसले. आप्पांच्या कपाळावर मी पहिल्यांदाच आठी पाहिली. त्यांना 'नाही' ऐकायची सवय नव्हती, आणि तेही पंगत बसायची खोळंबलेली असताना, संचालकांसमोर.

"रेश्मा, तो फोन आन हिकडं," ते म्हणाले.

रेश्मा म्हणाली, "आप्पा, नको, आज नको." एवढी अक्कल तिला त्या क्षणी होती, हे मी मान्य करतो. पण तिने फोन दिलाच. आप्पांनी फोन माइकला लावला.

"ऐका मंडळी! आमच्या पाव्हण्यांचा आवाज!"

आणि दहा स्पीकरमधून मी गरजलो. "पोतं उघडलंय! कोण येतंय पोत्यात? तू? का तू?"

मांडवातली लहान मुलं रडायला लागली. गोठ्यात गाई हंबरल्या. अस्वलाच्या हातून ताक सांडलं. मंडळी पोट धरधरून हसली. राजेश्वरी हसली नाही, रडलीही नाही. ती पळाली. गुलाबी झग्यात, पाहुण्यांच्या पायांमधून, कुणाच्या हाती लागली नाही.

थोड्या वेळाने ती गोठ्यात सापडली. सापडली म्हणजे दिसली. गव्हाणीखाली, वासराच्या शेजारी, भिंतीला पाठ लावून बसली होती. समोरच्या भिंतीशी पेंडीची पोती रचलेली होती आणि ती त्या पोत्यांवरून नजर हलवत नव्हती.

"निघ भाईर, गेला डोमाजी," आप्पा दारातून म्हणाले.

"न्हाय गेला," आतून आवाज आला.

"गेला बेटा, मम्मा आहे ना," रेश्मा म्हणाली.

"मम्माच बोलावती त्याला."

रेश्मा पदर तोंडाला लावून मागे झाली. इंद्रजित आत जायला लागला तर पोरगी आणखी आत सरकली, गाईच्या खुरांजवळ. मला राग आला. त्या सगळ्यांचा आला, त्यांच्या फ्लेक्सचा, त्यांच्या माइकचा, त्यांच्या शिकलेपणाचा. एक पोर जेवावं म्हणून एवढी डोकी एकत्र आली आणि त्यांना सुचलं काय, तर भीती. आणि ती भीती माझ्या गळ्यातून काढलेली. मी सगळ्यांना हाताने मागे सारलं, दाराशी चपला काढल्या आणि आत गेलो. इस्त्रीच्या पांढऱ्या शर्टात शेणात मांडी घालून बसलो. बोललो नाही. बोलायची सोय नव्हती.

पोरीने मला पाहिलं. सरकत सरकत आली आणि माझ्या दंडाला चिकटली.

"आबा," ती कुजबुजली, "त्या पोत्यात हाय तो?"

मी मान हलवली. नाही.

मग तिने माझ्या गळ्याला बोट लावलं, घाटी असते तिथे.

"तुला पण त्यानं भ्या दाखवलं का? तुझा आवाज त्यानं नेला ना? पोत्यात घालून?"

माझ्या डोळ्यांत पाणी आलं. आयुष्यभर लोकांनी माझ्या कामाबद्दल नाना मतं दिली. बक्षीस देणाऱ्या परीक्षकांनी दिली, वर्तमानपत्रवाल्यांनी दिली. असं नेमकं कुणीच बोललं नव्हतं. मी मान डोलावली. होय.

"मग काढ की परत," ती म्हणाली. "तू मोठा हायेस ना?"

दारात सगळं गणगोत उभं होतं. आप्पा पुढे, हातात माइक तसाच, मागे संचालक, त्यांच्या मागे मोबाइल वर धरलेले हात. त्या कावळ्याची आख्खी कारकीर्द मला माहीत होती, शेवट कसा करायचा हे माझ्याइतकं कुणाला ठाऊक नव्हतं. पण तो शेवट मी स्टुडिओच्या काचेच्या खोलीत, खुर्चीत बसून केला होता. पडायचं काम चित्राने केलं होतं. आता पडायचं होतं मला, आप्पांसमोर. त्या माणसासमोर शिंकायचीही माझी तयारी नव्हती.

मी उठलो. एक रिकामं पोतं उचललं, त्यात वाकून पाहिलं, आणि डोक्यावरून कमरेपर्यंत ओढून घेतलं.

आत अंधार, पेंडीचा भुगा, नाकातोंडात धूळ. पहिली शिंक आली. मग मी माझ्या आवाजात, त्या गोठ्याचे पत्रे वाजतील असा ओरडलो, "कोण रे, कोण शिरलं माझ्या पोत्यात? ए म्हाताऱ्या! हात लावू नकोस त्या आवाजाला!"

बाहेर कुणीतरी श्वास ओढला. पोरगी ओरडली नाही. मी ते ऐकत होतो, तेवढंच ऐकत होतो.

"सोड! सोड म्हणतो! माझे पंख!" मी स्वतःभोवती गिरक्या घेतल्या, गव्हाणीवर आदळलो, खांद्यात कळ गेली. गाय दचकून बाजूला झाली. माझा पाय शेणावरून घसरला आणि मी खरोखर, नाटक न करता, आडवा झालो. मांडवातून आलेली सगळी मंडळी खो खो हसली. त्यात आप्पांचं हसणं मला वेगळं ऐकू आलं. हसा लेको, म्हटलं.

तेवढ्यात पाठीत सपकन काहीतरी बसलं. गोठा झाडायचा खराटा.

"सोड माझ्या आबाला!" राजेश्वरी ओरडत होती. "सोड! सोड म्हणते ना!" आणि मारत होती. दोन्ही हातांनी, जीव खाऊन. मला लागत होतं आणि इतकं बरं आयुष्यात कधी वाटलं नव्हतं.

"मेलो! मेलो! आई गं, माझी चोच!" मी बोंब ठोकली. "घे बाबा, घे तुझा आवाज! नको मला! पोरीला आवर!"

आणि गप्प पडून राहिलो. खराटा थांबला. कुणीतरी पोत्याचं टोक धरून ओढू लागलं. लहान हात होते, वेळ लागला. मी मदत केली नाही. शेवटी उजेड आला. माझ्या मिशीत पेंड, शर्टावर शेण, चष्मा कुठे गेला होता देव जाणे. तिचा चेहरा माझ्या चेहऱ्यावर वाकलेला.

"मिळाला?" तिने विचारलं.

"मिळाला," मी म्हणालो.

ती मागे झाली. तिच्या हातातला खराटा वर गेला. पत्त्यांचा बंगला कोसळतो तसं सगळं जाणार असं वाटलं.

"हा आवाज डोमाजीसारखा हाय," ती म्हणाली.

"डोमाजी माझ्यासारखा बोलत होता गं," मी म्हणालो. "माझाच घेतला होता ना त्याने. त्याच्याकडे स्वतःचा कुठला असणार?"

तिने विचार केला. माझ्याकडे बघून, मग त्या चुरगळलेल्या पोत्याकडे बघून केला. मग ओठ वाकडा करून, अगदी माझ्यासारखा, म्हणाली, "चोरटा मेला." आणि पोत्यावर थुंकली.

एवढी शुद्ध तुच्छता आमच्या घराण्यात माझ्यानंतर कुणात उतरेल असं वाटलं नव्हतं. मी तिला जवळ घेतलं आणि रडलो. आवाज काढून रडलो, आता चालत होतं.

आप्पांनी तेवढ्यात माइक तोंडाशी नेलाच. "मंडळी, आमच्या पाव्हण्यांनी आज जी कला—"

"आप्पा," मी म्हणालो. तीन वर्षांत त्यांच्याशी मोठ्याने बोललेला माझा पहिला शब्द. "तो माइक बंद करा. आणि उसाच्या जातींबद्दल तुम्ही मला जे जे सांगितलंत ते सगळं चूक आहे."

मंदाकिनी मोठ्याने हसली. आप्पांनी हसरा चेहरा तसाच ठेवला, पण माइक खाली केला. रेश्मा पुढे आली, मोबाइल काढला आणि पोरीसमोर धरून तो तुकडा पुसून टाकला. मी तिला काही बोललो नाही. बोलायचं पुष्कळ होतं, पण आता घाई नव्हती.

पंगत बसली. राजेश्वरी माझ्या मांडीवर. मला ती क्षणभर गप्प बसू देईना. हे कशाला म्हणतात, ते कुणी केलं, गाईला शिंगं का नाहीत, बोल, बोल, बोल. मी बोलत होतो. पोटात कावळे ओरडत होते तरी बोलत होतो. मध्येच तिचं लक्ष माझ्या ताटाकडे गेलं.

"तू जेवला न्हाईस," ती म्हणाली.

"जेवतो की. तुझं ऐकतोय ना."

तिने पुलावाचा घास उचलला, माझ्या तोंडासमोर धरला, भुवया वर चढवल्या आणि माझ्याच आवाजाची हुबेहूब नक्कल करत म्हणाली, "आ कर. न्हायतर पोत्यात घालीन."

मी मुकाट्याने आ केला.